दालमिलमधला परग्रहवासी

आमच्या घरात परग्रहावरचे लोक राहतात. हसू नका, खरंच सांगते. सकाळी मी चहा ठेवते तेव्हा ते टीव्हीवर उतरलेले असतात, आणि संध्याकाळी दिवा लावते तेव्हाही तिथेच असतात. आमच्या यांना दुसरा पिक्चर चालतच नाही. मारामारी नको, देवादिकांचं नको, नाचगाणं तर नकोच. आकाशातून काहीतरी उतरलं पाहिजे आणि माणसाने त्याच्याकडे आ वासून बघितलं पाहिजे, मग हे खूश. त्यांचं नाव एकदाच घेते, सुपडू. पुढे ‘हे’ म्हटलं की समजून घ्या.

आणि टीव्हीचा आवाज बंद! कारण यांचे कान गेलेत. पारसमल शेठच्या दालमिलमध्ये सगळी उमर गेली, त्या मशीनींच्या धडधडीत हळूहळू कानही गेले. मिल सुटली तेव्हा वाटलं, चला, आता माणूस घरात बसेल, दोन शब्द बोलेल. कसलं काय! मिल सुटली आणि पाठोपाठ यांचं बोलणंही सुटलं. आधी कमी झालं, मग हो-नाही उरलं, मग तेही गेलं. डॉक्टर म्हणाले, घशाला काही झालेलं नाही. कानाचं मशीन आणलं, तर ते लावलं की तोंड असं करायचे जसं कडू कारलं चावलं, आणि काढून कपाटात टाकायचे. लिहून सांगा म्हणावं तर शाळेशी यांचं कधी जमलंच नाही.

मी बोलायची, बोलायची, बोलायची. साक्रीची बाई मी, आमच्याकडे गप्प बसणाऱ्याला आजारी समजतात. “अहो, भाजी कशी झाली? अहो, तुमच्याशी बोलतेय मी, भिंतीशी नाही!” हे नुसते माझ्या तोंडाकडे बघायचे आणि पुन्हा टीव्हीकडे. राग यायचा हो! वाटायचं, तो रिमोट विहिरीत फेकावा.

मग मीही शेजारी बसून ते पिक्चर बघायला लागले, करणार काय. सुरुवातीला नावंच ठेवली. एवढं मोठं यान बनवायची अक्कल आहे, आणि अंगावर एक धड कपडा नाही? आणि ही आपली माणसं बघा, पाहुणा दारात उभा, त्याला पाणी विचारायचं सोडून बंदुका रोखतात. पण सगळेच तसे नव्हते. एक पिक्चर होता, त्यात समुद्राकाठी दीपगृह सांभाळणारा एक म्हातारा आणि धुक्यातून आलेलं एक ढगासारखं काहीतरी. ना तोंड, ना डोळे. म्हातारा दिवा मोठा करतो, बारीक करतो. तो ढग उजळतो, विझतो. पिक्चरभर तेवढंच. शेवटी ढग निघून जातो आणि म्हातारा दिवा लावून वाट बघत बसतो. आवाज बंद असताना मी तो बघितला आणि पदराला डोळे पुसले. ज्याने कोणी तो बनवला त्याचं भलं होवो. एकही शब्द नाही, तरी मला बठ्ठं, अगदी सगळं समजलं होतं. शेजारी पाहिलं, तर हे माझ्याकडेच बघत होते. मी म्हटलं, “काय बघता?” झालं, मान फिरवली.

धुळ्याहून आमची पोरगी सुलक्षणा आली की तिचं एकच चालायचं. “आई, बाबांचं डोकं ठिकाणावर नाही आता. दिवसभर ती भुतं बघत बसतात, कुणाला ओळख देत नाहीत. मी त्यांना धुळ्याला नेते. तिथे डोक्याच्या डॉक्टरांना दाखवू, माझ्याकडेच राहतील. तू इथलं आवरून मागून ये.” पोरगी वाईट नाही, तिच्या पोटात तुटायचं म्हणून बोलायची. पण तिने “डोकं ठिकाणावर नाही” म्हटलं की माझ्या काळजात चर्र व्हायचं. कारण खरं सांगू? मलाही भीती वाटायला लागली होती. मला जायचं-राहायचं काही पडलं नव्हतं. मला एवढंच कळायला हवं होतं, की हा माणूस अजून आत आहे की नाही, आणि असला तर माझ्याशी बोलायची त्याची इच्छा आहे की नाही. विचारणार कसं? आणि विचारलं तरी सांगणार कोण? शेवटी मी सुलक्षणाला म्हटलं, पावसाळ्याआधी ने.

तेवढ्यात शेठचा नातू जिनेश घरी आला. हा पोरगा पुण्याला पिक्चर बनवायचं शिकून आलेला. डाळीच्या धंद्यात लक्ष नाही म्हणून शेठ त्याच्यावर करवादायचे, आणि हा हसत हसत ऐकून घ्यायचा. “काकू,” म्हणाला, “मी परग्रहवासीयांवर पिक्चर करतोय. यान आपल्या मिलमध्ये पडतं. नानांना परग्रहवासी करायचंय.” यांना तो नाना म्हणतो.

मी म्हटलं, “बरोबर माणूस शोधलास बाबा. घरात वेगळं काय चाललंय?”

“नानांसारखं हातांनी बोलणारं मी कुणी पाहिलं नाही, काकू. लहानपणी मी मिलमध्ये पोत्यांवर बसून त्यांनाच बघायचो.”

आता ही हातांची गोष्ट तुम्हाला सांगायला पाहिजे. मिलमध्ये मशीन चालू असली की शेजारच्याच्या कानात बोंबललं तरी त्याला ऐकू जात नाही. म्हणून तिथली माणसं हातांनी बोलतात. मनगट फिरवलं की मशीन बंद कर, बोटं चोळली की डाळ ओली आहे, ओठाशी मूठ नेली की चहा आला. मी डबा द्यायला गेटवर जायची तेव्हा हे चाळे लांबून दिसायचे. मला वाटायचं, एवढंच असेल. पोतं आण, पोतं ने. हातवाऱ्यांनी का कुठे संसार सांगता येतो? सुलक्षणालाही तसंच वाटायचं, खुद्द शेठलाही तसंच वाटायचं. मिलच्या बाहेरच्या कुणालाच कधी दुसरं काही वाटलं नाही.

जिनेश टीव्हीच्या समोर जाऊन उभा राहिला आणि त्याने हाताने काहीतरी केलं, अर्धवटच, लहानपणी पाहिलेलं. आमचे हे ताडकन उठले आणि चपला शोधायला लागले! मी जेवायला हाका मारून दमते, तेव्हा ढिम्म हलत नाही हा माणूस.

शूटिंग रविवारी, मिल बंद असताना. मी डबा घेऊन गेले तर दारातच थांबले. काय रूप केलं होतं देवा! अंगभर ठिबकच्या काळ्या नळ्या गुंडाळलेल्या, डोक्यावर मिलची जुनी चाळणी, हातांना बेसन फासलेलं. जळगावचा परग्रहवासी आणखी कसा असणार! मी इतकी हसले की जिनेशची बहीण मुस्कान, ती त्यात माणसाच्या पोरीचं काम करत होती, तीही हसायला लागली. पण हे हसले नाहीत. ताठ उभे होते, लग्नात उभे होते तसे.

“शेवटचा सीन आहे काकू,” जिनेश म्हणाला. “यानातला प्राणी माणसाशी पहिल्यांदा बोलतो. मी नानांना सांगितलंय, तुम्हाला जे बोलायचं ते बोला. खाली मी काही लिहिणार नाही.”

“अरे, मग लोकांना समजणार कसं?”

“नाही समजणार. समोरचा मनापासून बोलतोय आणि आपल्याला कळत नाहीये, एवढं कळलं तरी पुष्कळ. मला आवडलेले सगळे पिक्चर असेच आहेत.”

मला पटलं नाही, पण पोराच्या डोळ्यांत जी चमक होती ती बघून मी डबा खाली ठेवला. मला त्यांनी बाहेर पाठवलं आणि दार लावून घेतलं. आत काय झालं ते मला दिसलं नाही. दार उघडलं तेव्हा जिनेश एका कोपऱ्यात पाठ करून नाक पुसत होता. म्हटलं, भुसा गेला असेल.

पिक्चर तयार झाला आणि जिनेशने तो पहिल्यांदा मिलच्या माणसांनाच दाखवायचं ठरवलं. रविवारची दुपार, गोदामाची दारं लावून अंधार केलेला, समोर पांढरा पडदा आणि बसायला डाळीची पोती. सुलक्षणा धुळ्याहून आली होती, दुसऱ्या दिवशी ती यांना घेऊन जाणार होती. यांचे कपडे मी सकाळीच पिशवीत भरून ठेवले होते. हे पुढच्या पोत्यावर, पांढरा सदरा घालून. मी मागे, माझ्या एका बाजूला सुलक्षणा आणि दुसऱ्या बाजूला हमीदा. हमीदा मिलमध्ये डाळ निवडायला बसते, जुनी आहे तिथली.

पिक्चर सुरेख होता. आमची मिल, तीच ती धुळीने भरलेली, पण पडद्यावर असं वाटत होतं की तिथे कुणी तरी ताऱ्यांवरून येऊन पडावं. डाळ वर नेणाऱ्या एलिव्हेटरच्या बादल्या अंधारातून वर जाताना बघून माझ्या अंगावर काटा आला. मनात म्हटलं, पोरा, तुझ्या आजोबांना काय कळतंय!

मग शेवटचा सीन आला. मुस्कान समोर बसलेली. नळ्यांमधून दोन पिवळे हात वर आले आणि बोलायला लागले.

पुढची माणसं आधी हसली, खुशीत, ओळखीचं बघितल्यावर हसतात तसं. मग एकेकाचं हसू थांबलं. गोदाम इतकं शांत झालं की पंख्याची कुरकुर ऐकू येत होती. शेजारी हमीदाने तोंडावर ओढणी धरली.

“काय गं?” मी म्हटलं. “काय झालं?”

“अक्का, ते बोलताहेत ना.”

“काय बोलताहेत?”

ती माझ्या कानाशी लागली. पडद्यावरचे हात बघत एकेक सांगत गेली. “मिल सुटली. माझ्या कानात बंद झाली नाही. झोपेत पण चालू. बोलायला जातो तर त्या आवाजात माझाच आवाज मला सापडत नाही. म्हणून बोलत नाही.”

पोतं घट्ट धरलं मी.

मग त्या हाताने दोन बोटं नाकाच्या बाजूला टेकवली, अगदी हळू.

“अक्का, ही तू.”

“मी?”

“तुझं नाव. तू डबा घेऊन गेटवर यायचीस ना, नाकातली मुरणी चमकायची. बठ्ठी मिल तुला याच नावाने ओळखते.”

एवढी वर्षं माझं त्या मिलमध्ये नाव होतं, आणि मलाच माहीत नव्हतं!

हमीदा हात बघत पुढे सांगायला लागली. “ही फार बोलते. ओठ पळतात. मी बघतो. अर्धं समजतं, अर्धं नाही. बरं वाटतं. पोरगी म्हणते दुसऱ्या गावाला नेते. मला कुणी विचारलं नाही. ही बरोबर आली तर कुठेही जाईन. ही नाही तर पट्टा उतरला. मशीन फिरेल, डाळ निघणार नाही.” मग ती थांबली.

“पुढे? पुढे काय म्हणतात?”

“म्हणतात, हिला कुणीतरी शिकवा.”

मी रडले की चिडले, माझं मलाच सांगता येणार नाही. अरे माणसा! वर्षभर मी भिंतीशी डोकं आपटतेय, आणि तू एवढं सगळं आत घेऊन बसला होतास? आणि सांगितलंस तर कुणाला, शेठच्या नातीला, डोक्यावर चाळणी घालून! पलीकडे सुलक्षणाने हमीदाचं सगळं ऐकलं होतं. “आई,” ती हुंदका देत म्हणाली, “बाबांना तर सगळंच कळतंय गं.” मी तिच्या पाठीवर हात ठेवला, पण माझं लक्ष तिच्याकडे नव्हतं.

“हमीदा, लवकर सांग. ‘शिकते’ कसं म्हणायचं?”

तिने अंधारात माझी बोटं धरली, वाकवली, छातीशी नेली. मी मनात घोकलं.

दारं उघडली, ऊन आत आलं. माणसं टाळ्या वाजवायचंही विसरली होती, जिनेश पडद्यापाशी घाबरून उभा. मी तरातरा पुढे गेले आणि यांच्या समोर उभी राहिले. हे माझ्याकडे बघत होते, घाबरल्यासारखे. पहिल्यांदा मी दोन बोटं नाकाशी नेली. यांचे डोळे भरले. मग मी ते दुसरं केलं, शिकवलं होतं तसं, सगळ्यांसमोर.

अख्खं गोदाम फिसकन हसलं. हमीदा मागून ओरडली, “अक्का, तू ‘पोतं फाटलं’ म्हणालीस!”

आणि हे हसले. आवाज काढून, खांदे हलवून हसले. उठले, माझा हात हातात घेतला, एक बोट मिटवलं, मनगट वळवलं आणि माझा तळवा माझ्याच छातीवर ठेवला.

“असं नाही गं,” हे म्हणाले. तोंडाने म्हणाले, गोदामभर ऐकू गेलं. “असं.”

मग मी मुद्दाम पुन्हा चुकले.