बिनमलमाची अंडी

टरफल निघालं, पण एकटं निघालं नाही. निम्मं पांढरं बरोबर घेऊन गेलं. सिस्टरनी ते अंडं खिडकीच्या उजेडात धरून पाहिलं. देवी येऊन गेलेल्या माणसाचा चेहरा असावा तसं त्याचं रूप झालं होतं. त्याच्याआधी सोललेली सगळी भावंडंही ताटात तशीच खड्ड्याखड्ड्यांची पडली होती.

"एकही धड नाही मेलं," सिस्टर स्वतःशीच म्हणाल्या, आणि तरी त्यांना हसू आलं. आज त्यांना कशाचाच राग येत नव्हता. पहाटे डोळा उघडल्यापासून अंगात वारं भरल्यासारखं झालं होतं. ओटा पुसून झाला होता, पडदे बदलून झाले होते, नवऱ्याला स्टेशनवर पिटाळून झालं होतं. गाडीला अजून अवकाश होता, पण जन्मभर बस चालवलेला माणूस घरात नुसता पायात पायात येतो, त्यापेक्षा तिकडे बाकावर बसलेला बरा.

सिस्टर त्यांना सगळेच म्हणायचे. भाजीवाला म्हणायचा, नवरा म्हणायचा, सासूबाई होत्या तोवर त्याही म्हणायच्या. सगळी नोकरी लहान मुलांच्या वॉर्डात गेली आणि गेल्याच महिन्यात त्या निवृत्त झाल्या. आज लेकीचा वाढदिवस होता, आणि लेक जन्मल्यापासून या दिवशी त्या पहिल्यांदाच घरी होत्या. दरवर्षी नेमकं त्याच आठवड्यात कुणाची तरी रजा निघायची, कुणी तरी आजारी पडायचं, आणि "सिस्टर, एवढी वेळ सांभाळून घ्या," असं कुणी म्हटलं की यांची मान हललीच म्हणून समजा. लेकीच्या वाढदिवसाला आई दुसऱ्यांच्या लेकरांच्या उशाशी बसलेली असायची.

वाढदिवस अडायचा मात्र नाही, कारण वरच्या मजल्यावर जाऊबाई होत्या. घर एकच, वर थोरल्या दिरांचं बिऱ्हाड आणि खाली यांचं. जाऊबाई वाढदिवसाला भरली अंडी करायच्या. उकडलेली अंडी मधोमध चिरायची, बलक काढून कालवायचा, पुन्हा जागच्या जागी भरायचा. वाचताना सोपं वाटतं. पण जाऊबाईंची अंडी अशी टम्म भरलेली असायची की पोरांना ती दोन्ही हातांनी धरावी लागत. सिस्टर ड्युटीवरून परतायच्या तेव्हा पोरं पांगलेली असायची आणि दाराजवळच्या फळीवर एका बशीत एकच अंडं ठेवलेलं असायचं, वर वाटी उपडी घातलेली. सिस्टर ते उभ्याउभ्याच, पायांतले बूट न काढता, खायच्या आणि अंघोळीला पळायच्या.

गेल्या वर्षी जाऊबाई गेल्या. त्या वर्षी वाढदिवस झालाच नाही.

आणि या आठवड्यात लेकीचा फोन आला. "आई, तू अंड्यांच्या भानगडीत पडू नकोस हं. मी इकडे करून पाहिली, मेयोनीज घालून. काकू म्हणायची ना, तसं अगदी मलम खाल्ल्यासारखं लागलं. काकूशिवाय ती व्हायची नाहीत. आम्ही केक घेऊन येतो."

पोरीने मायेनेच सांगितलं होतं. मलम हा शब्दही जाऊबाईंचाच. दुकानात मेयोनीजची बाटली दिसली की त्या म्हणायच्या, हे टाचांच्या भेगांना लावायचं, खायचं नव्हे. तरी सिस्टरना ते बोलणं लागलं. वॉर्डात सगळ्यांना सिस्टरशिवाय काही व्हायचं नाही असं वाटायचं, आणि इथे स्वतःच्या लेकीचा वाढदिवस सिस्टर असून नसून सारखाच. फोन ठेवला आणि त्यांनी कंबर कसली. एक वाढदिवस तरी आपल्या हातचा झाला पाहिजे, आणि मेयोनीजशिवाय झाला पाहिजे.

म्हणून आज पहाटे त्या कोंबड्यांच्या फार्मवर जाऊन, अजून उबदार असलेली अंडी पदराखाली धरून घेऊन आल्या होत्या. एवढं करून ताटात काय, तर देवीचे रोगी.

जिन्यावर चपला वाजल्या आणि भाऊजी खाली आले. जाऊबाईंचे यजमान घड्याळं दुरुस्त करायचे, अजूनही करतात. कपाळावर ते छोटं भिंग कायम चढवलेलं. त्यांनी ते डोळ्यावर ओढलं, एक अंडं उचलून बघितलं आणि ठेवून दिलं.

"ताजी आणलीस?"

"अगदी आजची. माझ्यासमोर घातलेली म्हटलं तरी चालेल."

"मग इथेच घोडं पेंड खातंय. ताजं अंडं सोलवत नाही. तुझी जाऊ आठवडाभर आधी आणून जिन्याखाली ठेवायची. मला तिकडे फिरकू द्यायची नाही."

सिस्टरच्या डोळ्यांसमोर जिन्याखालचा तो ट्रे उभा राहिला. एका वर्षी त्यांनी स्वतः तो शिळी अंडी म्हणून फेकून दिला होता, वर स्वच्छतेवर एक भाषणही ठोकलं होतं. जाऊबाई हूं की चूं बोलल्या नव्हत्या. त्या वर्षी बशीतलं अंडं खडबडीत का होतं, ते आज कळलं.

पण हळहळत बसायला वेळ कुठे होता? त्या पिशवी घेऊन तडक कोपऱ्यावरच्या दुकानात गेल्या आणि चार गिऱ्हाइकांदेखत विचारलं, "शिळी अंडी आहेत का?"

दुकानदाराच्या तोंडचं पाणी पळालं. एका बाईने तर हातातली अंड्यांची पिशवी हळूच परत ठेवली. दुकानदार शपथेवर सांगू लागला की त्याच्याकडे सगळा माल आज सकाळचा आहे, शिळं अंडं दाखवा आणि दुकान नावावर करून घ्या. सिस्टर म्हणाल्या, तीच तर अडचण आहे. त्याला वाटलं दवाखान्याने तपासणीला पाठवलंय. तो अधिकच घाबरला आणि अधिकच ताजेपणाच्या गोष्टी सांगू लागला. जगात सगळ्यांना ताजी अंडी विकायची असतात. शिळी आहेत असं कबूल करणारा माणूस शोधून सापडत नाही.

शेवटी सिस्टरनी त्याच्याकडून एक तांब्या पाणी मागून घेतलं आणि समोरच्या ट्रेमधलं अंडं त्यात सोडलं. ते तळाशी आडवं झालं. मग काउंटरखाली हात घालून मागच्या ट्रेमधलं एक सोडलं. ते पाण्यात टोकावर उभं राहिलं.

"हे बघा, उठून बसलं. मला अशीच पाहिजेत."

दुकानदाराने इकडेतिकडे बघितलं. "न्या," तो खालच्या आवाजात म्हणाला, "पण कुठून आणली ते सांगू नका."

या खेपेला टरफलं अशी निघाली की सिस्टरना गाणं सुचलं. गुळगुळीत, पांढरीशुभ्र, आंघोळ घालून पावडर लावलेल्या बाळांसारखी अंडी ताटात मांडून झाली. मधोमध चिरून बलक काढले, त्यात मऊ लोणी घातलं, रात्रभर फडक्यात टांगून घट्ट झालेलं दही घातलं, मोहरीची पूड, मिरपूड, बारीक चिरलेला कांदा, वर लिंबू पिळलं. बोटाने चाटून बघितलं आणि जागच्या जागी एक उडी मारली. चव जवळपास आली होती. मेयोनीजचं नावसुद्धा नको.

भरायला त्यांनी एक मोठी कोरी सिरिंज काढली होती, सुईशिवायची. हात सरावलेले. भराभर सगळे अर्धे भरून झाले, आणि मग त्यांच्या लक्षात आलं की सारण संपलं आहे आणि अंडी मात्र तळाशी बलक असलेल्या पणत्यांसारखी दिसताहेत. फुगवटा नाही. दोन हातांनी धरायची तर बातच सोडा. एका अर्ध्यातलं सारण काढून त्यांनी त्यात दही वाढवून पाहिलं, तर ते वाहायला लागलं. जाऊबाईंची अंडी एवढी फुगायची कशी?

त्यांनी जिन्याखालून हाक मारली. भाऊजी आले, ताट पाहिलं, आणि छताकडे बघू लागले.

"ते काही मला माहीत नाही," ते म्हणाले. त्यांचे कान लाल झाले होते. घड्याळं उघडून आतलं सगळं शोधून काढणाऱ्या माणसाला खोटं मात्र मुळीच बोलता येत नसे.

"भाऊजी."

"तिने शपथ घातली होती. ती गेली म्हणून शपथ सुटली असं होत नाही."

सिस्टरनी सिरिंज खाली ठेवली. "मी पोरीच्या एकाही वाढदिवसाला इथे नव्हते, भाऊजी. सगळे वहिनींनी केले. एकदा, फक्त एकदा, मला तिच्यापुढे ताट ठेवायचंय. नुसतं हजर राहायचं नाहीये मला."

भाऊजी वळले आणि वर निघून गेले. सिस्टरना वाटलं रागावले. वर भांड्याचा आवाज आला, मग नळाचा, मग बराच वेळ काहीच नाही. इकडे नवऱ्याचा फोन आला की गाडी आली, पोरगी आणि जावई उतरले, आता निघतोच आहोत. सिस्टरची धांदल उडाली. आता पणत्या तर पणत्या, अशा निर्णयाला त्या आल्याच होत्या, तेवढ्यात भाऊजी बशी घेऊन खाली उतरले. बशीत वाफाळणारे, उकडून सोललेले दोन बटाटे होते. सालं इतकी पातळ काढलेली की ते काम घड्याळवाल्याचंच. बशी त्यांनी ओट्यावर सरकवली.

"मी काही बोललो नाही," भाऊजी म्हणाले.

सिस्टर क्षणभर बटाट्यांकडे बघतच राहिल्या. मग त्यांना जे हसू फुटलं ते आवरेना, आणि भाऊजीही भिंतीला टेकून हसायला लागले. शपथ न मोडता तोंड मोकळं झाल्यावर त्यांनी सगळंच सांगून टाकलं. पोरीने बोलवायची चार मुलं आणि यायची अख्खी गल्ली. जाऊबाईंना कुणाला अर्धं कमी देणं जमायचं नाही. मग वर दार लावून भाऊजींनी बटाटे सोलायचे आणि त्यांनी बलकात मिसळायचे. "आणि लोकांना काय सांगायची, माझ्या हाताला फुगतात! काय ती ऐट. तुला तर मुळीच कळू द्यायचं नव्हतं तिला. सिस्टर वॉर्डात एवढी कामं करते, म्हणायची, मला हे एक तरी असू दे."

हे ऐकता ऐकता सिस्टर बटाटे कुस्करू लागल्या.

"ती गेल्यावर यंदा पहिल्यांदाच सोलले," भाऊजी म्हणाले आणि डोळ्यावरचं भिंग उगाच पुसू लागले.

पुढचं सगळं हातघाईवर आलं. पणत्या पुन्हा रिकाम्या केल्या, सारण बटाट्यात मिसळलं, सिरिंजमध्ये भरलं आणि दाबलं, तर बटाट्याची एक गोळी आत अडकली. सिस्टरनी जोर लावला. गोळी सुटली ती थेट भाऊजींच्या भिंगावर. "औषध डोळ्यात गेलं," ते म्हणाले, आणि पुसायलाही न थांबता त्यांनी चमचा हातात घेतला. जाऊबाई चमच्यानेच भरायच्या आणि ओल्या बोटाने वरून गुळगुळीत करायच्या, हे त्यांनी करून दाखवलं. सिरिंज मोरीत गेली. दोघंही चमचे घेऊन भिडले. शेवटच्या अंड्यावर बोट फिरलं आणि बाहेर रिक्षा थांबली.

लेक केकचा खोका घेऊन आत आली, पाठोपाठ जावई, पाठोपाठ सामान घेतलेले वडील. आईला मिठी मारता मारता तिची नजर टेबलावर गेली आणि तिने खोका तिथेच खुर्चीवर टेकवला. तिने एक अंडं उचललं, दोन्ही हातांनी. खाल्लं. चावता चावता ती थांबली, जिन्याकडे बघितलं, आणि पुन्हा चावू लागली. तिचे डोळे भरून आले होते आणि तोंडही भरलेलं होतं, त्यामुळे तिला काही बोलता येईना. सिस्टरना वाटलं आता आपणच रडणार. पण त्या टेबलाची कड धरून उभ्या राहिल्या. एवढा आनंद त्यांना पेलवत नव्हता.

"आई," शेवटी ती म्हणाली, "हीच. अगदी हीच. तुला काकूने शिकवून ठेवली होती?"

"तसंच समज."

"पण ही फुगतात कशी? मी किती डोकं लावलं. माझी खोलच राहतात. काय घालतेस?"

सिस्टरनी भाऊजींकडे पाहिलं. भाऊजी छताकडे बघत होते. त्यांचे कान पुन्हा लाल व्हायला लागले होते. खरं सांगितलं असतं तर पोरगी हसली असती, तिलाही करता आली असती, काहीच बिघडलं नसतं. सिस्टरनी तोंड उघडलं, आणि मिटलं.

"हाताला फुगतात," त्या म्हणाल्या. "काकूच्या हाताला फुगायची. तिने मला हात दिला."

भाऊजींना एकदम खोकला आला. त्यांना पाणी द्यावं लागलं.

जावयाने किती खाल्ली याचा हिशेब राहिला नाही. केक कापला, पण तो सगळ्यांनी सभ्यपणाने एकेक तुकडाच खाल्ला. बोलता बोलता ताट उतरत गेलं आणि मधोमध एकच अंडं उरलं. प्रत्येक जण दुसऱ्याला घे म्हणू लागला. लेक म्हणाली, आई, तू आज एकही नीट खाल्लेलं नाहीस. सिस्टरनी मान हलवली. त्यांनी एक बशी घेतली, अंडं तिच्यात ठेवलं, वर वाटी उपडी घातली आणि बशी दाराजवळच्या फळीवर नेऊन ठेवली. हे सगळं हातांनी आपसूकच केलं. ठेवून झाल्यावर त्यांना कळलं की आता बाहेरून यायचं कुणीच राहिलेलं नाही.

लेकीने ताट उचललं. भाऊजी वर जायला निघाले, फळीपाशी थांबले. वाटी एका बाजूला जराशी सरकली होती. त्यांनी ती बोटाने सरळ केली आणि जिना चढू लागले.