रामटेके सिस्टर पाणी घेत नाहीत

"ते घरी नाईत जी," रुक्माबाई दारात आडवा हात लावून म्हणाल्या, आणि नेमका त्याच वेळी आतून खोकला आला.

"घरी नाईत, तं खोकून कोन राहिलं?" आम्रपाली रामटेके सिस्टरने विचारलं.

रुक्माबाई ओशाळल्या, पण हात काही काढला नाही.

साथीच्या रोगांच्या वॉर्डात सव्वीस वर्षं काढलेल्या बाईला खोकल्यावरून माणूस ओळखू येतो. हा चंपतचाच होता, अर्ध्यावर दाबलेला. चंपत रुक्माबाईंचा नवरा, स्टील प्लांटमध्ये ठेकेदाराकडे कामाला. चार महिन्यांपूर्वी त्याला टीबी निघाला. सहा महिन्यांच्या गोळ्यांपैकी साडेतीन महिने त्याने एक दिवस चुकवला नाही, वजन चार किलोंनी वाढवलं. सिस्टर त्याचं उदाहरण अख्ख्या खुर्सीपार वस्तीला सांगत फिरायची. आणि आता अकरा दिवस तो गोळ्या न्यायला आला नव्हता, फोन उचलत नव्हता. औषध अर्ध्यावर सोडलं की हा रोग डोक्यावर बसतो, मग साध्या गोळ्यांना दाद देत नाही. घरात दोन वर्षांची नात होती, सोनू. सिस्टरला रात्री झोप लागत नव्हती ती या नातीपायी.

"मंग मी बसते," ती म्हणाली आणि अंगणातल्या विटांच्या पायरीवर खरंच बसली. "येतील तवा येतील."

रामटेके सिस्टरच्या चिकाटीपुढे भलेभले नमलेले होते. तिचे नियम तर प्रसिद्धच. नोकरीच्या पहिल्या दिवशी मेट्रनने सांगितलं होतं, ड्यूटीवर तोंडात काही घालायचं नाही. ते तिने जन्मभरासाठी गाठीला बांधून ठेवलं. काविळीच्या साथीत बरोबरच्या दोघी आडव्या झाल्या, ही उभी राहिली. करोनाचा काळही तिने तसाच काढला. लग्नाच्या पंगतीत हात तीन-तीनदा धुऊन ती येईस्तोवर मठ्ठा संपलेला असायचा. नातेवाईक हसायचे, पण घरात कुणी आजारी पडलं की सगळ्यांत आधी फोन तिलाच यायचा.

पाच-सात मिनिटांनी चंपत बाहेर आला. घरातून नाही, बाजूच्या पत्र्याच्या पडवीतून. तिथे त्याची खाट टाकलेली दिसत होती. खाटेखाली एक ताट आणि गळ्याला लाल दोरा बांधलेला स्टीलचा गिलास.

"हे वेगळं कोनं केलं?" सिस्टरचा आवाज चढला. "मी सांगतलं होतं ना, टीबी भांड्यानं नाई लागत म्हनून? हवेतून लागते. ताट-गिलास काय म्हनून वेगळा काढला?"

"सांगतलं होतं," चंपत शांतपणे म्हणाला. "पर तुमी पेता का आमच्या घरचं पानी?"



दारात सून उभी होती, सीमा, नातीला कडेवर घेऊन. ती भांडायला आली नव्हती, नुसतं खरं ते सांगायला आली होती. "मैंने अलग किया, सिस्टर. मम्मी दर टाइमले पानी आनते, आप अपनी बॉटल से पीती हो. तेही गेटच्या बाहेर जाऊन. मैंने सोचा, इनको ज्यादा मालूम है. मुँह से कुछ भी बोलें, खुद तो नहीं पीतीं. मेरी भी छोटी बच्ची है."

"दुसऱ्या कोनं पानी नाई घेतलं तं समजते," चंपत म्हणाला. "पर तुमी रामटेके. आपल्याच. आपल्या लोकायनं पान्यासाठी काय काय केलं, हे का मी सांगाव तुमाले? प्लांटच्या सेक्टरमधल्या पक्क्या क्वार्टरमधे गेलं का मानूस सारं इसरते." त्याला दम लागला. "तुमी गेल्या अन् माहा गिलास वेगळा झाला. मंग खाट झाली. सोनू दोन हफ्त्यापासून जवळ नाई आली. गोळ्या खाऊन कोनासाठी बरं व्हाव?"

सांगण्यासारखं तिच्याकडे पुष्कळ होतं. या गल्लीची पाण्याची पाइप नालीतून येते, गेल्या महिन्यात इथेच दोन घरांत कावीळ निघाली, त्यांची नावं तिनेच रजिस्टरात लिहिली होती. सगळं खरं होतं. पण बोलायला तोंड उघडलं आणि तिला तिचंच बोलणं बहाण्यासारखं वाटायला लागलं. लाजेने तिचे कान तापले. चार महिने ती या अंगणात भाषण देत होती आणि या लोकांनी बिचाऱ्यांनी भाषण सोडून तिच्याकडे पाहिलं होतं.

"पानी द्या," ती म्हणाली.

रुक्माबाई लगबगीने आत वळल्या. "चाय मांडतो ना. कागदाचे कप हायेत, नवे..."

"चाय नाई, बाई. पानी. अन् ह्यायच्या, लाल दोऱ्याच्या गिलासात."

गिलास आला. प्यायचं तर मास्क काढावा लागणार होता. तिने काढला. चार महिने या घराने तिचे नुसते डोळे पाहिले होते. रुक्माबाई तिच्या सुरकुतलेल्या हनुवटीकडे, एका बाजूला पडलेल्या दाताकडे बघतच राहिल्या. पाणी कोमट होतं, लोखंडाची चव होती. एखाद्या नव्या नर्सने असं केलं असतं तर सिस्टरने तिला फाडून खाल्लं असतं. तिने गिलास पूर्ण रिकामा केला, तोंड पुसलं आणि मास्क चढवला.

"आता आयका. पानी उकळून प्याचं, साऱ्यायनं. हे काविळीसाठी सांगून राहिली, टीबीसाठी नाई."

रुक्माबाईंना हसू आलं. चंपत हसला नाही. त्याने तोच गिलास माठाकडे नेऊन भरून आणला, पायरीवर बसला आणि तळहात पुढे केला. सिस्टरने त्यावर गोळ्या ठेवल्या. घशाखाली उतरेपर्यंत ती बघत राहिली.

"उद्या थुंकी तपासाले दवाखान्यात या. अकरा दिवस गेले, डॉक्टरले विचारून पुढचं ठरवू. रिपोर्ट येईतो सोनूले दूरच राहू द्या. मंग मीच आनून बसवीन तुमच्या मांडीवर."

"पक्का?" चंपतने विचारलं.

"पक्का."

गल्लीच्या तोंडाशी स्कूटरला किल्ली लावताना तिला हलकं वाटायला हवं होतं. तसं वाटलं नाही. उगीचच तिला सुखराम आठवला. अहिवारा गावाकडचा पेशंट, वॉर्डात दीड महिना पडून होता, कित्येक वर्षांपूर्वी. त्याला भेटायला कुणी येत नसे. एकदाच भाऊ आला आणि चार संत्री ठेवून गेला. सुखरामने सावकाश एक सोललं, धागे काढले आणि पहिली फोड तिच्यापुढे धरली. "बाद में खाती हूँ भैया," ती म्हणाली होती. फोड हातमोज्यात घेतली आणि दोन पावलांवरच्या कचऱ्याच्या पिवळ्या डब्यात टाकली. नियम होता. तिसऱ्या दिवशी तो गेला. त्याच्या तोंडावरून चादर तिनेच ओढली. आपण सुखरामचं सगळं नीट केलं, असंच ती इतकी वर्षं समजत आली होती.

तो डबा त्याच्या खाटेसमोरच होता.