न्हाव्याची दाढी

"जपून हं, अत्तीलियो," मेजरसाहेब मान मागे टाकून म्हणाले. "गळा एकच आहे माझा."

हा विनोद ते रोज करीत आणि अत्तीलियो रोज हसे. आज हसून झाल्यावर त्याने वस्तरा पट्ट्यावर ओढता ओढता विचारलं, "साहेब, आईच्या अर्जाचं काय झालं?"

"पाठवलाय ना कैरोला. लढाई चालू आहे बाबा, वेळ लागणारच."

"दोन दिवसांत परत येतो. सोबत शिपाई द्या, बेड्या घाला. म्हातारी अंथरुणाला खिळलीय."

"अरे, तू शत्रूच्या देशाचा माणूस. तुला असं कसं सोडायचं?"

शत्रूचा देश! अत्तीलियो जन्मला अलेक्झांड्रियात आणि दुकान थाटलं तेही तिथल्याच गल्लीत. इटली त्याने पाहिली ती भिंतीवरच्या कॅलेंडरात. तिकडे कुणी इंग्रजांशी लढाई पुकारली आणि इकडे पोलिसांनी त्याला उचललं. खुर्चीतलं गिऱ्हाईक अर्ध्या दाढीनिशी बघत राहिलं. तेव्हापासून कालव्याकाठची ही तारांची छावणी. मेजरसाहेबांना या शत्रूच्या हाती रोज गळा द्यायची भीती वाटत नव्हती. तो आईच्या उशाशी जाऊन बसेल, याची मात्र वाटत होती.

चार दिवसांनी पहारेकरी खमीस रजेवरून परतला. तो त्याच गल्लीतला. गल्लीत कसबी कारागिराला मारतात तशी त्याने फाटकाआडून हाक मारली, "उस्ता, जरा बस खाली."

अत्तीलियो उभाच राहिला. "सांग."

"सोमवारी गेली. शेवटी शेवटी भाजीची टोपली दोरीने गॅलरीतून खाली सोडायलाही हातात जोर नव्हता. माझी आईच वर जाऊन द्यायची. पाद्री तुमचा होता, पण खांदे सगळे आपल्या गल्लीचे. पुढे माझा बाप होता."

"माझ्याबद्दल काही म्हणाली?"

"म्हणाली, दुकान झाडून ठेवा. पोरगा आला की धुळीवरनं ओरडेल."

तेव्हा मात्र अत्तीलियो खाली बसला आणि लहान पोरासारखा रडला.

दुसऱ्या दिवशी मेजरसाहेबांनी ऐकलं. "अरेरे! वाईट झालं. म्हणजे आता त्या अर्जाचं काही कारण उरलं नाही."

आई-बाप गेले की चाळीस दिवस गालाला पातं लावायचं नाही, ही अत्तीलियोच्या घरची रीत. बाप गेला तेव्हा तो वाढल्या दाढीने दुकानात लोकांच्या दाढ्या करायचा. गल्लीत कुणी कारण विचारलं नाही. येणारा खांद्यावर हात ठेवी आणि मग खुर्चीत बसे.

इथे मेजरसाहेबांनी तिसऱ्याच दिवशी हटकलं. "हे काय? शनिवारी पाहुणे येताहेत, कैद्यांना कसं ठेवलंय ते बघायला. सगळे गुळगुळीत दिसले पाहिजेत. तूसुद्धा."

"साहेब, आईचं सुतक आहे."

"सुतक लढाई संपल्यावर पाळ. नाहीतर वस्तरा जमा करायचा आणि उन्हात खडी फोडायला जायचं. कळलं?"

शनिवारी पहाटेपासून अत्तीलियोने साऱ्या छावणीची दाढी केली. स्वतःची केली नाही.

पाहुण्यांनी खाटा पाहिल्या, सूप चाखलं. रांगेपुढून जाताना त्यांतला एक थबकला. "बाकी सगळं उत्तम आहे, मेजर. पण या माणसाला पातं मिळत नाही का?"

"त्याला?" मेजरसाहेब मोठ्याने हसले. "तो तर आमचा न्हावी!"

पाहुणेही पोट धरून हसले. रांगेतलं कुणी हसलं नाही. फाटकावरच्या खमीसने मान खाली घातली.

गाड्या गेल्या तसा अत्तीलियो वस्तरा पुसून घेऊन मेजरसाहेबांपुढे गेला. "जमा करायचा होता."

मेजरसाहेबांनी वस्तऱ्याकडे पाहिलं, मग नकळत स्वतःच्या गळ्यावरून हात फिरवला. "राहू दे तुझ्याकडेच. दुसऱ्या कुणाच्या हाती मी मान देत नाही. उद्या वेळेवर ये."

सकाळी ते खुर्चीत बसले, डोळे मिटले. "जपून हं, अत्तीलियो. गळा एकच आहे माझा."

"आईसुद्धा एकच होती, साहेब."

मेजरसाहेबांनी डोळे उघडले. वस्तरा गळ्यावर होता, म्हणून त्यांना बोलता येईना. अत्तीलियोने नेहमीसारखी खालून वर दाढी केली, साबण पुसला, तुरटी फिरवली. कुठेही ओरखडा नव्हता.