दम्मामची प्रत

निगडीच्या बस स्टँडसमोर कादरचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. दोन व्हिडिओ मशीन आल्यापासून मात्र तो दुरुस्तीपेक्षा कापाकापीतच जास्त रमला. टीव्हीवरचं नाटक एका मशीनवर टेप करायचं, दुसऱ्यावर त्याची प्रत काढायची आणि परदेशी गेलेल्यांना धाडायची. पण प्रत्येक देशाची तऱ्हा न्यारी. सौदीतल्या दम्मामच्या प्रतीतून देव आणि दारू काढावी लागे, कारण तिथं विमानतळावर कॅसेट लावून बघत. लंडनला सरकारची आडकाठी नव्हती, तर तिथं राहणाऱ्या लालमहंमद चाचांची होती. मुलगी घरातून पळून जाते तेवढा प्रवेश कापून पाठव, असं त्यांनी बजावलं होतं, कारण घरात तीन तरण्या पोरी. घरोघरी मातीच्या चुली, म्हणतात ते काही खोटं नाही.

त्या आठवड्यात कामगारांच्या स्पर्धेतलं एक नाटक टीव्हीवर लागलं. त्यात कंपनीच्या कँटीनमधल्या मंजुळाबाई आई झाल्या होत्या. काम एकाच प्रवेशाचं: देवापुढं दिवा लावायचा आणि परगावी निघालेल्या मुलाला ओवाळायचं. त्यांचा खराखुरा मुलगा ज्योतीराम तीन वर्षांपासून दम्मामला वेल्डर होता आणि त्याला सुट्टी मिळत नव्हती.

"मावशी, तुमचा प्रवेश पाठवता येणार नाही," कादर म्हणाला. "मागं देव्हारा दिसतोय. कॅसेट सुट्टीवर आलेला मीरासाहेब परत जाताना नेणार. सापडली तर त्याची तिथली नोकरी जाईल."

"आरं, मग ऱ्हायलं काय? बाकीचं नाटक कुणाला बघायचंय? आई दिसाया पायजे त्याला!"

इकडे आड, तिकडे विहीर. दुसऱ्या दिवशी कादर प्रत काढायला बसला. प्रवेश आला, त्याचं बोट बटणावर गेलं. "जपून जा रं. पोचलास की कागद धाड," मंजुळाबाई म्हणत होत्या. त्याला मशीन बंद करवेना. दोन मशीनमध्ये दोन वायरी होत्या, एक चित्राची, एक आवाजाची. त्यानं चित्राची उपटली आणि आवाजाची राहू दिली. ओवाळणं संपल्यावर पुन्हा जोडली.

काळा पडदा बघून मंजुळाबाई भडकल्या. "ह्यापरीस न धाडलेलं बरं," म्हणाल्या आणि तरातरा निघून गेल्या. कॅसेट गेली, पण महिनाभर त्या दुकानावरून मान वळवून जात. कादरला ते फार लागलं.

मग ज्योतीरामचं पत्र आलं. त्याची पत्रं कायम कादरच वाचून दाखवायचा, त्यामुळं मंजुळाबाईंना यावंच लागलं. पत्र पुढं करून त्या स्टुलावर बसल्या.

कादर वाचू लागला. "आई, कॅसेट पोचली. खोलीत आम्ही बारा जण. पडदा काळा झाला तसा एकजण मशीन ठोकायला उठला, तेवढ्यात तुझा आवाज आला. मग कुणी हललं नाही. आता कामावरून आलं की सगळे तेवढाच भाग लावायला सांगतात. एक केरळचा आहे. त्याला मराठी कळत नाही, तरी म्हणतो, ही माझीच अम्मा."

कादरनं पान उलटलं.

"बाकीच्यांचं ऱ्हाऊ दे," मंजुळाबाई म्हणाल्या. "माझ्या पोराला काय दिसलं?"

कादरनं पुढचं वाचलं, "मला मात्र तूच दिसलीस. ओवाळताना तुझ्या बांगड्या ताटाला लागतात ना, तशाच लागल्या."

मंजुळाबाईंनी डोळ्यांना पदर लावला. "परत वाच, बाबा."

कादरनं परत वाचलं.