शेवटी येणारा मोठा

मालिकेत पक्षाध्यक्षाचं काम करणारे तात्या केव्हाचे नटूनथटून मेकअपरूममध्ये बसले होते. सेटवर जायचं मात्र नाव नाही. सेटचा रिवाजच तसा होता: जो शेवटी येतो तो मोठा. शेजारच्या खोलीत सरचिटणीसाचं काम करणारा त्यांचा सख्खा मेहुणा तसाच दाराला कान लावून बसलेला.

मालिका सत्ताधारी पक्षातल्या लाथाळ्यांची. हे एकमेकांचे पाय ओढतात, तिकडे काळ्या शर्टवाले माथेफिरू फोफावतात. आज शेवटचा भाग. अध्यक्षाने दणदणीत भाषण ठोकून त्यांना सभागृहाबाहेर काढायचं. भाषण गाजलं तरच तात्या पुढच्या सीझनमध्ये, नाहीतर घरी.

"आला का तो?" तात्यांनी मेकअपवालीला विचारलं.

"तेही तेच विचारतायत."

"सांग, मला चक्कर आलीय."

"त्यांना मघाशीच आलीय."

आता या सेटवर शूटिंग थांबत नसे. जो गैरहजर, त्याची वाक्यं हजर असलेल्याला. काळ्या शर्टवाल्याचं काम करणारा नट मुळात एक थोबाडीत खाण्यापुरता आणलेला. पण गडी वेळेवर यायचा, सगळ्यांची विचारपूस करायचा. होता होता मालिका त्याचीच झाली. "किती गुणी हो!" असं खुद्द तात्याच म्हणायचे.

तेवढ्यात सेटवरून टाळ्यांचा कडकडाट झाला. दोघंही धावत सुटले आणि सेटच्या दाराशी थबकले.

"जा, तू हो पुढे."

"छे छे, आधी तुम्ही, भावोजी."

"अरे, आत माझं भाषण चाललंय!"

"मग जा की!"

कोणी हलेना. शेवटी, मालिका सुरू झाल्यापासून पहिल्यांदाच, दोघांनी एकमेकांचा हात धरला आणि एकदम आत पाऊल टाकलं.

अध्यक्षाच्या खुर्चीपुढे तो काळ्या शर्टवाला उभा होता. तात्यांचंच भाषण, शब्दन् शब्द. "देश वाचवायचा तर या माणसांना बाहेर काढा!" म्हणत त्याने बोट रोखलं ते थेट दाराकडे.

गर्दीतल्या नटांनी इमानेइतबारे दोघांना उचललं आणि बाहेर नेऊन टाकलं.

"कट! कमाल!" दिग्दर्शक ओरडला. "हेच ठेवायचं!"

तात्यांनी धूळ झटकली. गेला पुढचा सीझन हातचा.

"काही म्हणा भावोजी," मेहुणा कण्हत म्हणाला, "बाहेर शेवटी मी पडलो."

"थापा मारू नकोस. तू माझ्या खाली होतास!"