पडदाभर रस्ता

मित्रांनो, मला पाहून तुम्ही टीव्हीच म्हणाल. पुष्कळ जण तसेच म्हणतात. पण मी टीव्ही नाही. मी संगणकाचा एक जुना मॉनिटर आहे. धुळ्यातल्या एका भंगाराच्या दुकानामागे, मोडक्या सायकली आणि गंजलेल्या कूलरच्या पत्र्यांमध्ये मी पडून आहे. माझ्या काचेवर इतकी धूळ बसली आहे की आता माझा चेहरा कोणता आणि पाठ कोणती हेही चटकन कळणार नाही. मला कोणी दुरुस्त करावे अशी माझी इच्छा उरलेली नाही. फक्त एक हकिकत सांगायची आहे. ती सांगून झाली की मी मोकळा.

माझा जन्म दूरच्या एका कारखान्यात झाला. जाड काचेचा फुगा करून त्याला आतून लाल, हिरव्या, निळ्या रंगांचे बारीक ठिपके दिले आणि मग त्यातली हवा काढून घेतली. तपासणीला बसलेल्या बाईंनी माझ्यावर एक पांढरी चौकट उमटवून पाहिली. चारही कोपरे नीट न्याहाळले आणि शेजारणीला म्हणाल्या, "हा बघ, किती सरळ आहे." मला त्या शब्दांचा फार अभिमान वाटला. मग थर्माकोलमध्ये बसून मी जळगावच्या एका दुकानात आलो, आणि १९९६ साली लीलाधरभाऊंनी मला शहरालगतच्या पिंप्राळ्यातल्या त्यांच्या घरी नेले.

लीलाधरभाऊ घराच्या पुढच्या खोलीत लग्नपत्रिका आणि केळीच्या व्यापाऱ्यांची बिलबुके तयार करून देत. मजकूर टाइप करण्याचे काम त्यांच्या पत्नी लताबाईंकडे होते. लताबाईंनी जुन्या साडीचे कापड घेऊन माझ्यासाठी झालरीचे झाकण शिवले. रोज सकाळी त्या माझी काच पुसत आणि मगच बटण दाबत. पत्रिका पसंत करायला आलेली मंडळी माझ्याकडे वाकून पाहत आणि म्हणत, "रंग काय सुरेख उठतात हो!" ते दिवस खरोखर चांगले होते.

त्याच घरात आबा राहायला आले. आबा म्हणजे लीलाधरभाऊंचे वडील, जीवराम. त्यांचे गाव सोनगीर. सारा जन्म त्यांनी मुंबई-आग्रा रस्त्यावर ट्रक चालवला होता. मधुमेहाने त्यांचे डोळे अधू होत गेले. एकदा समोरची बैलगाडी त्यांना अगदी अंगावर आल्यावर दिसली. गाडी कशीबशी थांबली. कोणाला काही झाले नाही. पण आबांनी त्याच दिवशी किल्ली मालकाच्या हातात दिली आणि पुन्हा कधी मागितली नाही. पत्नी आधीच वारली होती. म्हणून लीलाधरभाऊ त्यांना जळगावला घेऊन आले.

पिंप्राळ्यात आबांना काही काम नव्हते. ते दिवसभर माझ्या समोरच्या खाटेवर बसून असत. टाइप करताना लताबाई काही विचारत, तर हो किंवा नाही एवढेच बोलत. जेवायला हाक मारली की भिंतीला हात लावत आत जात. असा गप्प बसलेला माणूस मी दुसरा पाहिला नाही.

एका दुपारी कामातून मोकळ्या झालेल्या लताबाईंनी एक खेळ सुरू केला. फ्लॉपीवरून कोणीतरी दिलेला तो मोटारीचा खेळ होता. संगणकाच्या डब्यातून इंजिनासारखी घरघर आली, तशी आबांनी मान वर केली.

"कोनती गाडी शे?" त्यांनी आपल्या अहिराणीत विचारले.

"खेळ आहे आबा, गाडीचा. या ना, बघा."

आबा खुर्ची ओढून माझ्यापुढे बसले. पण खेळ एका छोट्या चौकटीत चालला होता. आबांनी काचेला नाक टेकवले, डोळे बारीक केले आणि मागे सरकले.

"हाऊ रस्ता तळहातएवढा शे, बेटा. माले काय दिखी यामा?"

लताबाईंनी क्षणभर विचार केला आणि दोन कळा एकत्र दाबल्या. मी एकदा काळा झालो, आतून टक् असा आवाज केला, आणि तो रस्ता माझ्या या कडेपासून त्या कडेपर्यंत पसरला. मध्ये पांढरे पट्टे, दोन्ही बाजूंना हिरवी झाडे, वर निळे आभाळ. सगळे मोठे मोठे आणि ठळक.

आबांच्या चेहऱ्यावर माझा उजेड पडला होता. ते म्हणाले, "आते दिखस! बठ्ठा रस्ता दिखस!" सगळाच्या सगळा रस्ता त्यांना दिसत होता.

मित्रांनो, माझ्यावर हजारो पत्रिका उमटल्या, पण त्या दुपारसारखा आनंद मला कधी झाला नाही. लताबाईंनी आबांचे बोट धरून बाणांच्या कळा दाखवल्या. पहिल्यांदा गाडी झाडावर गेली, तेव्हा आबा लहान मुलासारखे हसले. मग रोज दुपारी जेवण झाले की आबा स्वतःच खुर्ची ओढत. खेळता खेळता बोलू लागले. कोणत्या ढाब्यावर डाळ चांगली मिळे, यावलची केळी भरून निघाले की ताडपत्री कशी बांधावी लागे, धुक्यात पुढच्या गाडीचा लाल दिवा धरून कसे जावे, सगळे सांगत. लताबाई जळगाव शहरात वाढलेल्या. त्यांना हे सारे नवे होते. त्या ऐकत आणि मधूनच म्हणत, "आबा, वळण आलं हं." आबा म्हणत, "माले दिखस ना, बेटा!"

पुढच्या वर्षी लग्नसराईच्या तोंडावर लीलाधरभाऊंनी संगणकात नवे डिस्प्ले कार्ड बसवले. त्यामुळे पत्रिकांची अक्षरे अधिक रेखीव दिसू लागली. ते खूश झाले. पण त्या दुपारी लताबाईंनी खेळ मोठा करायला दोन कळा दाबल्या आणि माझे चित्र टिकेना.

तुम्हाला सोपे करून सांगतो. पडद्यावरचे चित्र मी एकदाच काढून स्वस्थ बसत नाही. ते सारखे पुन्हा पुन्हा काढावे लागते, तेही डब्यातले कार्ड सांगेल त्या वेगाने. साधे काम असले की नवे कार्ड मला झेपेल असा वेग देत असे. पण खेळ पूर्ण पडद्यावर आला की ते मला माझ्या ताकदीबाहेर पळवू लागे. माझ्यातून बारीक शीळ निघाली. रस्ता तिरपा फाटला, त्याचे तुकडे वर धावत सुटले, आणि मग सगळा काळोख.

लताबाईंनी माझ्या खालच्या चकत्या फिरवून पाहिल्या. वायर काढून पुन्हा बसवली. घाबरत घाबरत माझ्या डोक्यावर एक थापही मारली. खेळ पुन्हा लहान केला की चित्र स्वच्छ येई. मोठा केला की पुन्हा शीळ आणि काळोख. मी ओरडत होतो, पण माझ्या ओरडण्यातून कोणाला काय कळणार?

"अहो, आबांचा खेळ मोठा होत नाहीये," रात्रीच्या जेवणाला त्या म्हणाल्या. "तोतारामभाऊंना बोलवा ना."

तोतारामभाऊ शहरात संगणक दुरुस्त करत.

"पत्रिका तर छान दिसताहेत," लीलाधरभाऊ म्हणाले. "खेळच तर आहे! तेवढ्यासाठी त्याला कुठे बोलवू?"

आबा ऐकत होते. ते हळूच म्हणाले, "राहू दे, बेटा. त्याले काम शे."

लीलाधरभाऊ वाईट नव्हते. त्यांना लाज वाटली आणि ते म्हणाले, "तसं नही आबा. लगनसराई सरू द्या, मंग दखसू."

लग्नसराई सरली. मग शाळांची प्रगतिपुस्तके आली. मग निवडणुकीची पत्रके आली. लताबाईंनी पुन्हा सांगितले, पुन्हा सांगितले, आणि घरात त्यावरून वाद होऊ लागले तेव्हा सांगायच्या थांबल्या. दुपारी मात्र त्या एकदा तरी कळा दाबून पाहत. आबा खुर्चीवर येऊन वाट पाहत. शीळ ऐकू आली की उठून खाटेवर जात. थोड्या दिवसांनी ते उठायचेच थांबले. ताडपत्रीच्या आणि ढाब्यांच्या गोष्टीही थांबल्या. खाटेवर बसून ते अधूनमधून डोळ्यांवरून हात फिरवत, जसे काही जळमट काढत आहेत. लताबाईंनी विचारले तर म्हणत, "काही नही शे."

शेवटी एका पत्रिकेवर माझा लाल रंग फिका पडला, तेव्हा लीलाधरभाऊंनी तातडीने निरोप धाडला आणि तोतारामभाऊ आले. वायरीचा टाका सुटला होता, तो त्यांनी जोडला. लताबाईंनी चहा आणला आणि भीत भीत खेळाचे सांगितले. तोतारामभाऊंनी शीळ ऐकली आणि लगेच खेळ बंद केला.

"वहिनी, मॉनिटरमध्ये दोष नाही. नवीन कार्ड याला फार जोरात पळवतंय."

कार्डाच्या सेटिंगमध्ये जाऊन त्यांनी एक आकडा कमी केला. कळा दाबल्या. टक् आवाज झाला आणि माझ्यावर पुन्हा तो रस्ता पसरला, पडदाभर, सरळ, एकही रेघ न हलता. कपातला चहा अजून गरम होता.

"एवढंच होतं?" लीलाधरभाऊ म्हणाले.

"एवढंच. एक फोन केला असता तर तेव्हाच झालं असतं."

लताबाईंनी काही ऐकले नाही. आबा त्या वेळी बाहेर ओट्यावर बसले होते; त्या तिकडे धावत गेल्या. "आबा, चला! रस्ता आला!"

त्यांनी आबांना हाताला धरून आणले आणि माझ्यापुढे बसवले. आबांनी चाचपत बाणाची कळ शोधली. गाडी सुरू झाली. घरघर वाढली. पहिल्याच वळणावर गाडी झाडावर आदळली.

आबा थांबून म्हणाले, "आवाज तं येस. रस्ता काबरं नही लाया, बेटा? मोठा कर ना."

लताबाईंनी माझ्याकडे पाहिले, मग आबांकडे. मी होता नव्हता तो सगळा उजेड बाहेर टाकत होतो.

आबांनी हात पुढे केला. त्यांचा पंजा माझ्या काचेवर टेकला. चालू मॉनिटरच्या काचेला एक ऊब असते आणि बोटांना बारीक मुंग्या येतात. आबांना ते समजले. पंजा तसाच ठेवून ते म्हणाले, "चालू शे."

लीलाधरभाऊ दाराशी उभे होते. ते तिथेच खाली बसले.

दुसऱ्या दिवशी ते आबांना डॉक्टरांकडे घेऊन गेले. डोळ्यांच्या आत रक्त उतरले होते आणि ते बऱ्याच दिवसांचे होते. काही करता येण्यासारखे राहिले नव्हते. रस्ता रोज दिसत असता, तर तो पुसट होऊ लागल्याबरोबर आबा बोलले असते आणि वेळेवर उपचार झाले असते का? मला ठाऊक नाही. लीलाधरभाऊ मात्र तो प्रश्न स्वतःला विचारत राहिले. कामाला बसले की मध्येच त्यांचे हात थांबत. एकदा लताबाईंनी "जेवायला चला" म्हटले, तेव्हा ते माझ्याकडे बोट करून म्हणाले, "लता, याला इथून हलव."

त्यांनी नवा मोठा मॉनिटर आणला. मी माळ्यावर गेलो आणि पुढे पत्र्याच्या डब्यांबरोबर धुळ्याच्या भंगारवाल्याच्या गाडीत. आबा त्या खोलीत पुन्हा कधी आले नाहीत. मला नेले त्या दिवशी ते ओट्यावर बसले होते. गाडी सुरू झाली तेव्हा त्यांनी मान वळवली नाही.

मित्रांनो, इथे उद्यापरवा कोणीतरी आतल्या तांब्याच्या तारेसाठी माझी काच फोडेल. त्याचे मला दुःख नाही. पण तुमच्या घरात कोणी हलक्या आवाजात म्हणेल, "मला नीट दिसत नाही," किंवा "एवढं जरा करून दे," आणि लगेच म्हणेल, "राहू दे, तुला काम आहे." तेव्हा राहू देऊ नका. हातातले काम खाली ठेवा आणि त्याच वेळी उठा.

आमच्या घरी कोणी उठले नाही.