कुलपाची अकरा मिनिटं

मित्रांनो, मी एक जुनं स्टॉपवॉच आहे. पोलादी अंगाचं, तळहातात मावणारं. डोक्यावर एक बटण आणि गळ्यात काळी नाडी. सध्या माझा मुक्काम सरकारी टेबलाच्या खालच्या खणात, रबरबँडांच्या गुंत्यात, एका वाळलेल्या मार्करशेजारी. पण मला बिचारं वगैरे म्हणू नका हं! माझ्यामुळे एक अख्खं गाव आज सुखानं नांदतंय.

माझा जन्म कारखान्यातला. केसाएवढी बारीक स्प्रिंग बसवणाऱ्या कारागीर बाईंनी मला तीनदा कानाशी धरलं आणि शेजारणीला सांगितलं, की हे काही खोटं बोलायचं नाही. झालं, मला गर्व चढला. पुढे तोच माझ्या अंगाशी आला.

तिथून मी एका अभ्यास कार्यालयात आलो. लष्कराला किंवा सरकारला काही ठरवायचं असलं, की या कार्यालयातली माणसं आधी जाऊन बघायची, मोजायची आणि मग अहवाल लिहायची. जखमीला दवाखान्यात न्यायला किती वेळ लागतो, तात्पुरता पूल किती वेळात उभा राहतो, असली कामं. मी ज्यांच्या गळ्यात असायचो त्या संशोधक बाईंना सगळे पाठीमागे 'मोजपट्टी' म्हणायचे. त्यांना ते ठाऊक होतं आणि मनातून आवडायचंही. कार्यालयात चहा यायला किती वेळ लागतो, हेसुद्धा त्या मोजायच्या.

एकदा मोठं काम आलं. नदीकाठच्या एका गावाला लागून लष्कराचं दारूगोळ्याचं कोठार होतं. ते तिथंच ठेवायचं की हलवायचं, हे ठरवायचं होतं. इंजिनीयर म्हणाले, कोपऱ्यात आग लागली तर मुख्य साठ्यापर्यंत पोचायला पंचेचाळीस मिनिटं लागतील. म्हणजे तेवढ्या वेळात गावातली तीन हजार माणसं पुलापलीकडे गेली पाहिजेत. जातील का?

तालीम ठरली. गावकऱ्यांना उगाच कशाला त्रास, म्हणून त्यांना आधीच पलीकडच्या मैदानावर नेऊन बसवलं आणि त्यांच्या जागी तीन हजार रंगरूट, म्हणजे नवे भरती झालेले जवान, आणले. घरटी जितकी माणसं, तितके रंगरूट दारात उभे केले. भोंगा झाला, बाईंनी माझं बटण दाबलं. रंगरूट निघाले ते थेट पुलापार. अडतीस मिनिटं! कोठाराचे प्रमुख कर्नलसाहेब खूश झाले. सात मिनिटं हातात राहत होती, कोठार हलवायचा खटाटोप वाचत होता. अहवाल टाइप झाला. सोमवारी बाईंची सही झाली, की विषय संपणार होता. मीही खुशीत होतो. एका सेकंदाचीही चूक केली नव्हती ना!

रविवारी बाई आपल्या आईला डॉक्टरांकडे नेणार होत्या. त्यांनी "आई, निघूया" म्हणताना सवयीनं माझं बटण दाबलं. आई निघाल्या. मग चष्मा राहिला म्हणून आत गेल्या. गॅस बंद केलाय ना, ते बघितलं. चपला घातल्या. कुलूप लावलं, ओढून पाहिलं. चार पायऱ्या उतरल्या आणि पुन्हा वर जाऊन कुलूप ओढून आल्या. फाटकापाशी बाईंनी मला पाहिलं. अकरा मिनिटं झाली होती. अहवालात बाहेर पडायला प्रत्येक घराला दोन मिनिटं धरली होती.

बाई फाटकाला धरून तशाच उभ्या राहिल्या. आईंनी विचारलं, काय गं, काय झालं?

"रंगरूटांना कुलूप लावायचं नव्हतं, आई," बाई म्हणाल्या.

सोमवारी त्यांनी सही केली नाही. भरल्या बैठकीत कर्नलसाहेबांनी जरा वैतागूनच विचारलं, की घड्याळ चुकलं की काय. माझा सगळा गर्व उतरला. पण बाई म्हणाल्या, "घड्याळ बरोबर आहे, साहेब. मी चुकीची माणसं मोजली. चूक माझी आहे." कुणीतरी खाली बघून हसलं. बाईंचे कान लाल झाले, पण त्या बसल्या नाहीत. गावकऱ्यांना घेऊन तालीम पुन्हा करायची परवानगी मिळाल्यावरच बसल्या.

या वेळी भोंगा झाला तो खऱ्या गावासाठी. एका आजोबांना कवळी सापडेना. शिंपी गिऱ्हाइकांचे कपडे टाकून यायला तयार होईना. एक सासूबाई, सून आल्याशिवाय पाऊल उचलणार नाही म्हणून दारातच बसल्या. मास्तरीणबाई मुलं मोजत होत्या आणि दर खेपेला एक जास्तच भरत होतं. कर्नलसाहेबांना हसू आवरेना.

पंचेचाळीस मिनिटं होताच बाईंनी मला थांबवलं आणि शिट्टी फुंकली. जो जिथं असेल त्यानं तिथंच उभं राहायचं, असं ठरलेलं होतं. सगळं गाव थांबलं. कुणी गल्लीत, कुणी पायरीवर, एक बाई कडेवर तान्हं घेऊन कुलपाशी. बाई आणि कर्नलसाहेब त्यांच्यामधून चालत गेले आणि एकेकाला मोजत गेले. पुलाच्या अलीकडे अकराशे चाळीस माणसं निघाली. शेवटी सापडले ते कवळीवाले आजोबा. कर्नलसाहेबांचं हसू केव्हाच मावळलं होतं. त्यांनी बाईंच्या हातात मला पाहिलं, आजोबांना पाहिलं.

"यांना घरी जाऊ द्या," ते म्हणाले. "कोठार आपण हलवू."

कोठार डोंगराआड गेलं. नऊ वर्षांनी तिथं खरोखर आग लागली. पहारेकरी वेळेत बाहेर पडले. स्फोटानं गावात फडताळातली भांडी खणखणली, एवढंच. पेपरात चार ओळींची बातमी आली. आई तेव्हा राहिल्या नव्हत्या. बाईंनी ती बातमी कापून आईंच्या फोटोमागे ठेवली आणि खूप वेळ रडल्या.

आता बाई निवृत्त झाल्या आहेत. त्यांच्या जागी आलेला अभ्यासक हुशार आहे, कॉम्प्युटरवर गावंच्या गावं रिकामी करतो. खण उघडा राहिला की मला पडदा दिसतो. माणसांचे ठिपके पुलाकडे धावतात, सगळे एकाच वेगानं. एकही ठिपका कुलूप बघायला मागे फिरत नाही. मला ओरडावंसं वाटतं, पण चावी दिल्याशिवाय माझ्यानं टिकटिकसुद्धा होत नाही.

म्हणून तुम्हाला सांगतो, मित्रांनो. जुन्या वस्तूंना अधूनमधून चावी देत जा. आणि मोठेपणी माणसांसाठी काही ठरवायची वेळ तुमच्यावर आली, तर आकडा लिहिण्याआधी एकदा आपल्या आजीबरोबर घराबाहेर पडून बघा. फक्त तिला घाई करू नका.